परवान्याची पाखरं

भूम तालुक्यात पाणपक्षी यावेत असं मूळचं फारसं काही नव्हतं. बालाघाटाच्या रांगा, मुरमाड माळ, हलकी जमीन आणि पर्जन्यछायेत सापडलेला पाऊस. बाणगंगा पावसाळ्यात दोन-चार वेळा दणकून यायची आणि पौष-माघात तिचं पात्र म्हणजे इथं एक डोह, तिथं एक डोह. त्या डोहांवर आणि एखाद्या जुन्या गावतळ्यावर हिवाळ्यात जी काय पाखरं उतरत, तीच आमची. आजोबा त्यांना सरसकट 'बदकं' म्हणत. चक्रवाकाला मात्र मान होता. तो जोडीनं राहतो, आणि जोडीतलं एक मारलं तर दुसरं दिवसभर ओरडत फिरतं, अशी घरातल्या बायकांची समजूत होती. त्यामुळं चक्रवाक आमच्या चुलीवर चढला नाही. करकोचे आले की ही सगळी माया संपायची. शे-दोनशेचा थवा हरभऱ्यात उतरला की सकाळपर्यंत वावराचा खराटा व्हायचा. पोरांना गोफण देऊन पहाटेच रानात पिटाळत. पाखरांची पुस्तकातली नावं मला पुढं फार उशिरा कळली, तीही मारुती चितमपल्लींच्या पक्षिकोशातून. चितमपल्ली सोलापूरचे, म्हणजे आमच्या शेजारचेच.

ही पाखरांची बाजू झाली. माणसांची सांगायची तर सरहद्दीपासून सुरुवात करावी लागते. भूम, परंडा, कळंब हा मुलूख निजामाचा. त्याला सगळे मोगलाई म्हणत. शेजारची बार्शी मात्र इंग्रजांची. बार्शीला १८९७ साली छोटी रेल्वे आली, कापसाचा बाजार वाढला, वकील-डॉक्टर आले, आणि त्यांच्याबरोबर बंदुका आल्या. इकडून तिकडं माल न्यायचा तर मध्ये करोडगिरीचा नाका. कापूस, गूळ, कापड सगळ्यावर नाकेदाराची नजर. आजोबा सांगायचे, नाक्यावर गुळाच्या ढेपेची चौकशी व्हायची, पण साहेबाच्या टांग्याला लटकावलेल्या बदकांकडं कुणी बघायचं नाही.

इंग्रजी मुलखात १९१२ सालचा वन्य पशुपक्ष्यांचा कायदा होता. त्यात बदकं, तित्तर, लाव्हा, पखुर्डी, मोर यांची यादी होती, शिकारबंदीचा काळ ठरवायची सोय होती आणि मोडणाऱ्याला पन्नास रुपयांपर्यंत दंड होता. संस्थानी मुलखात शिकार हा आधी राजाचा, मग त्याच्या मर्जीतल्यांचा हक्क. त्यासाठी राखीव शिकारगाहा असत. आमच्या उघड्या माळावर कुणी राजा शिकारीला आल्याचं आजोबांच्या ऐकिवात नव्हतं. इथं मारण्यासारखं म्हणजे काळवीट, माळढोक आणि हिवाळ्यातली बदकं. याच निजाम सरकारच्या मदतीनं सालिम अलींनी १९३१-३२ साली हैदराबाद संस्थानातल्या पक्ष्यांची पाहणी केली. म्हणजे पाखरं टिपणारे आणि पाखरांची टिपणं घेणारे दोघंही एकाच राज्यात एकाच वेळी फिरत होते. बंदुका मात्र दोघांकडंही होत्या. त्या काळात पक्ष्याचा अभ्यास करायचा म्हणजे नमुना मारूनच आणावा लागे.

सप्टेंबर १९४८ मध्ये मोगलाई संपली. १९५६ मध्ये मराठवाडा मुंबई राज्यात आला. त्या राज्यात १९५१ सालीच वन्य पशुपक्ष्यांचा स्वतंत्र कायदा झालेला होता. परवाना काढा, फी भरा आणि शिकार करा, अशी ती पद्धत. माझ्या लहानपणी, साठ-पासष्टच्या सुमाराला, बार्शी-सोलापूरकडून जीपगाड्या यायच्या त्या या परवान्यांवर.

आमचे थोरले चुलते, सगळा गाव त्यांना तात्या म्हणायचा, यांच्याकडं पिकाच्या राखणीसाठी ठासणीची बंदूक होती. तिनं रानडुक्कर पडल्याचं मी पाहिलं नाही. आवाज मोठा व्हायचा, तेवढंच तिचं काम. पण बंदूक असल्यामुळं शिकारी मंडळींचा मुक्काम आमच्या वाड्यात पडे. बाराबोरच्या दुनळी, काडतुसांचे पट्टे, थर्मास आणि खाकी टोप्या. पहाटे डोहाच्या काठाला तुराट्यांचा आडोसा करून बसायचे आणि उजाडताना पाखरं उठली की छर्रे सोडायचे. पाण्यात पडलेली बदकं काढायला माणूस लागे. ते काम वस्तीवरच्या एका पारध्याचं.

तो फासेपारधी. स्वतः बंदुकीला कधी शिवला नाही. बैलाच्या आडून चालत जाऊन फासे मांडायचा, वाघूर लावायचा आणि तित्तर-लाव्हा जिवंत धरायचा. त्याची बायको ती बाजारात विकायची. जन्माला आला तेव्हा सरकारी कागदात त्याची जात गुन्हेगार होती. १९५२ साली तो कायदा गेला, पण गावात काही चोरीला गेलं की पोलीस आधी त्याच्याच पालावर यायचे. एकदा जेवणं चालू असताना पाहुण्यांपैकी एका वकिलांनी खिशातून घडी केलेला कागद काढून तात्यांना दाखवला. म्हणाले, "आम्ही चोरून मारत नाही. सरकारात पैसे भरलेत."

ओट्याखाली बसलेल्या पारध्यानं विचारलं, "कागदाला पैसं लागत्यात व्हय, मालक? आन् जात्यात कुठं ते?"

"खजिन्यात."

"म्हंजी भूमला?"

"भूमहून उस्मानाबादला, तिथनं मुंबईला."

"मुंबईला बदकं हायेत व्हय?"

सगळे हसले. वकीलसाहेबही हसले आणि त्याला विडी दिली. मला मात्र पुढची कित्येक वर्षं वाटत आलंय, की त्या बैठकीत कामाचा प्रश्न तेवढा एकच विचारला गेला होता.

१९७२ साली संसदेनं वन्यजीव संरक्षण कायदा केला. आज लोकांना वाटतं की त्या कायद्यानं शिकार बंद झाली. तसं नाही. मूळ कायद्यात परवान्यांचा चांगला मोठा भाग होता: मोठ्या शिकारीचा परवाना, लहान शिकारीचा परवाना, जनावरं-पाखरं जिवंत धरण्याचा परवाना. किती मारली याची नोंद परवानेवाल्यानं ठेवायची होती. गाडीतून, रात्री दिवा लावून, विष घालून मारायचं नाही, असे निर्बंध होते. पाणवठ्यावर दबा धरून शिकार करायला बंदी होती, पण तिथंच अपवाद लिहिलेला होता, पखुर्डी आणि पाणपक्षी सोडून. बदकं पाण्यावरच मिळतात, त्याला कायदा तरी काय करणार! फी ठरवण्याची सोय होती. त्या फीतून पाणवठा राखायचा, असं मात्र कायद्यात कुठं नव्हतं. दारूच्या परवान्याचा पैसा, बंदुकीच्या परवान्याचा पैसा आणि बदकाच्या परवान्याचा पैसा, सगळा एकाच पिशवीत.

असंच सगळीकडं असतं असं मी धरून चाललो होतो. माझा एक पुतण्या अमेरिकेत असतो. त्यानं एकदा गावी येताना एक तिकीट आणलं. पोस्टाच्या तिकिटासारखंच, त्यावर बदकाची जोडी. म्हणाला, "काका, हे पत्राला नाही चालत. बदकं मारायची तर हे विकत घ्यावं लागतं. मी मारत नाही, तरी घेतलं. पंचवीस डॉलर." मारायचं नाही तर घेतलंस कशाला, असं मी विचारलं आणि मग त्यानं जे सांगितलं त्यावर पुढं मी बरंच वाचलं.

१९३० नंतर अमेरिकेच्या मधल्या मुलखात मोठा दुष्काळ पडला. मातीची वादळं उठली. त्याआधीच शेतीसाठी दलदली उपसून कोरड्या केलेल्या होत्या, राहिल्या होत्या त्या दुष्काळानं आटल्या आणि बदकं भराभर कमी झाली. शिकाऱ्यांनाच काळजी लागली, कारण बदकं नाहीत तर बंदूक टांगूनच ठेवायची. १६ मार्च १९३४ रोजी अध्यक्ष रूझवेल्ट यांनी एका कायद्यावर सही केली: सोळा वर्षांवरच्या प्रत्येक बदक-शिकाऱ्यानं दरवर्षी एक डॉलरचं तिकीट घ्यायचं. पहिल्या तिकिटावरचं चित्र डिंग डार्लिंग नावाच्या व्यंगचित्रकारानं काढलं. हा गृहस्थ वर्तमानपत्रातून सरकारची टर उडवायचा, त्यालाच सरकारनं पक्षी-प्राण्यांच्या खात्याचा प्रमुख करून बसवलं होतं. पहिल्या साली सहा लाखांवर तिकिटं खपली. तिकिटाच्या प्रत्येक डॉलरातले अठ्ठ्याण्णव सेंट पाणथळ जमीन विकत घ्यायला किंवा कायमच्या कराराने राखायला जातात. आजवर अशी साठ लाख एकरांहून जास्त जमीन राखली गेली आहे. पुढं १९३७ साली बंदुका आणि काडतुसांवरच्या कराचा पैसाही त्यांनी वन्यजीवांच्या कामासाठी राज्यांना बांधून दिला. तिकिटावर राखीव पक्षिक्षेत्रांत फुकट प्रवेश मिळतो, म्हणून माझ्या पुतण्यासारखे न मारणारेही ते घेतात.

मला यात शिकाऱ्याचं कौतुक वाटलं नाही, हिशोबाचं वाटलं. मारणाऱ्यानं दिलेला पैसा मरणाऱ्याच्या पाण्यापर्यंत पोचतो, आणि वाटेत तो दुसरीकडं वळवता येत नाही.

आपल्याकडं शिकारीमुळं तळं राखलं गेलं असं एकच मोठं उदाहरण मला माहीत आहे. भरतपूरचं. तिथल्या राजांनी बदकांच्या शिकारीसाठी सखल जमिनीत पाणी अडवून ठेवलं. नोव्हेंबर १९३८ मध्ये व्हाइसरॉय लिनलिथगो यांच्या लवाजम्यानं तिथं एका दिवसात ४,२७३ पाखरं पाडली. आकडा तिथं दगडावर कोरून ठेवलाय. त्याच तळ्याचं १९८२ साली केवलादेव राष्ट्रीय उद्यान झालं. पण ते राजाचं खासगी तळं. परवान्याच्या पैशातून ते झालं नाही.

आता आमच्याकडं बदकांना पाणी कुणी दिलं, ते सांगतो.

बहात्तरचा दुष्काळ. मी तेव्हा सतरा वर्षांचा. सलग वर्षं पावसानं दगा दिला होता. ज्वारीच्या ताटाला कणीस नाही, विहिरींचा तळ दिसायला लागलेला. सरकारनं कामं काढली. खडी फोडायची, रस्ते करायचे आणि पाझर तलाव बांधायचे. आमच्या गावाच्या ओढ्यावर तलाव बांधायला घेतला. अख्खा गाव टोपली-फावडं घेऊन पाळीवर. पाटलाच्या घरच्या बायकासुद्धा पदर तोंडावर ओढून माती वाहत होत्या. दुपारी सुकडी मिळायची. रेशनवर लाल मिलो यायची, तीही अमेरिकेहून आलेली. तिच्या भाकरीला ना चव ना चिकटपणा, पण पोट भरायची. पाळीवर पाणी मारून धुम्मस करायचं, उतारावर दगडाचं पिचिंग, कडेला सांडवा. दोन उन्हाळे काम चाललं. तो पारधीही तिथंच होता, बायको-लेकरांसह. हजेरीपटावर अंगठा लावताना तो म्हणाल्याचं मला आठवतं, की सरकारनं आपलं नाव पैसे द्यायला पहिल्यांदा लिहिलं.

पुढं हीच पद्धत रोजगार हमी योजना म्हणून कायमची झाली. तिच्यामागं सांगलीकडच्या विसापूरचे वि. स. पागे. ते विधान परिषदेचे सभापती होते. १९७७ साली तिचा कायदा झाला आणि २६ जानेवारी १९७९ पासून तो लागू झाला. पैसा कुठून आणायचा याचं उत्तर शोधताना सरकारनं १९७५ साली व्यवसायकर बसवला. मुंबई-पुण्याच्या पगारदारांच्या पगारातून तो दरमहा कापला जातो. त्याच्या जोडीला विक्रीकर, मोटारी, बागायती जमीन वगैरेंवरचे जादा कर, आणि जेवढं यातून जमेल तेवढीच भर सरकारनं आपल्याकडून घालायची. हा पैसा रोजगार हमीच्या निधीत बाजूला ठेवायचा. म्हणजे बदकाच्या परवान्याला जे जमलं नव्हतं ते व्यवसायकराला जमलं. पैशाला वाट बांधून दिली आणि तो वाटेत फारसा न सांडता भूमपर्यंत आला. ऐंशी सालापर्यंत तालुक्यात पाझर तलावच पाझर तलाव झाले.

आमचा तलाव पहिल्यांदा भरला आणि त्या हिवाळ्यात काही विशेष आलं नाही. तलावात चिखल, वनस्पती, गोगलगायी काहीच नव्हतं, नुसतं गढूळ पाणी. दोन-तीन वर्षांत काठाला लव्हाळं आलं, उथळ बाजूला शेवाळ धरलं, आणि मग पाखरं यायला लागली. आधी टिबुकल्या आणि शेकाटे. मग वारकरी. काळंभोर अंग आणि कपाळावर पांढरा टिळा असलेलं हे पाखरू, नाव अगदी शोभतं त्याला. मग थापट्या, तलवार बदक, चक्रांग. एका वर्षी पट्टेरी हंस आले, डोक्यावर दोन काळे पट्टे असलेले. मंगोलिया-तिबेटकडून हिमालय ओलांडून आलेलं पाखरू आमच्या आयाबहिणींनी टोपल्यांनी टाकलेल्या मातीच्या आड उतरत होतं. दादरच्या लोकलमध्ये लटकणाऱ्या कारकुनाच्या पगारातून महिन्याला कापले गेलेले चार-सहा रुपये तालुक्यातल्या अशा तळ्यांमध्ये जिरले होते. त्याला काय ठाऊक, आपण बदकं पाळतोय म्हणून!

आणि बंदुकवाल्यांनी? त्यांनी या तळ्यात एक टोपलं टाकलं नाही, पण पहिला मोठा थवा उतरल्यावर जीप मात्र बरोबर आली. तात्या तोवर थकले होते. त्यांनी पाहुण्यांना चहा पाजला आणि सांगितलं, "डोहावर बसा पाहिजे तर. तळ्यावर नगं. ते दुष्काळातलं हाय." कायद्यानं त्यांना अडवायचा काही अधिकार नव्हता. तळं सरकारचं, परवाना सरकारचा. पण पाळीवर वीस-पंचवीस माणसं येऊन नुसती उभी राहिली, आणि जीप डोहाकडं वळली.

या गावातल्या सबुरीचं एक कारण कुंथलगिरीही असावं, असं मला वाटतं. तालुक्यातलं ते जैनांचं मोठं सिद्धक्षेत्र. १९५५ च्या सप्टेंबरात आचार्य शांतिसागर महाराजांनी तिथं सल्लेखना घेऊन देह ठेवला. आई सांगायची, त्या दिवसांत रस्त्यानं माणसांची रीघ होती आणि आमच्यासारख्या खाणाऱ्यांच्या घरातही कितीतरी दिवस मटण शिजलं नाही. खव्याच्या भट्ट्यांची ही बाजारपेठ. दूधदुभत्यावर जगणाऱ्या गावाला शिकारीचं अप्रूप तसं बेताचंच. तरी हे सगळं अहिंसेनं झालं असं म्हणायला मी धजणार नाही. करकोच्यांवर गोफणी आम्हीच चालवत होतो.

१९९१ साली कायदा बदलला. शिकारीच्या परवान्यांचं सगळं प्रकरणच काढून टाकलं, नोंदवहीच्या कलमासकट. बंदी सरसकट झाली. बंदुकवाल्यांचं त्यात काय गेलं? हौस गेली. दुनळ्या कपाटात राहिल्या, परवान्यांचं नूतनीकरण होत राहिलं. पारध्याचा मात्र पोटाचा धंदा गेला. जिवंत धरायचा परवाना कायद्यात होता तेव्हाही त्यानं तो कधी काढला नव्हता. अर्ज, फोटो, फी, तालुक्याला खेटे, हे त्याच्या आवाक्यातलं नव्हतंच. पण कागदावर दार किलकिलं होतं, ते लागलं. त्याच्या मुलानं ऊसतोडीची वाट धरली. नातू पुण्यात बांधकामावर आहे. पाखरं कुठं बसतात, कुठल्या वाऱ्याला कुठून उठतात, हे त्या घराइतकं गावात कुणाला कळत नव्हतं. ते ज्ञान कुणी पैसे देऊन विकत घेतलं नाही आणि फुकटही विचारलं नाही.

माझा पुतण्या म्हणतो, इथंही पुन्हा फी लावून शिकार सुरू करावी, पैसा तळ्याला बांधून द्यावा. हे मला पटत नाही. तिथं तिकीट तपासणारा माणूस आहे, किती पाखरं आली याची दरसाल मोजणी आहे, त्यावरून माणशी किती मारायची ते ठरतं. आमच्या तालुक्यात तळ्याच्या पाळीवरची बाभूळ कोण तोडतं ते कळत नाही, तिथं बदकं कोण मोजणार? पण त्याच्या बोलण्यातला अर्धा भाग मला सोडवत नाही. ज्याला पाणथळ जागा हवी आहे, त्याचा पैसा तिथंच पोचला पाहिजे. परवाना गेला तेव्हा शिकार गेली हे बरंच झालं, पण पाखरांसाठी कुणीतरी काहीतरी भरायचं असतं ही कल्पनाही त्याच्याबरोबर गेली.

कारण भरणं आता वेगळ्या ठिकाणी येतं. २०१२-१३ आणि २०१५-१६ च्या दुष्काळात तलाव कोरडे पडले, चारा छावण्या लागल्या, आणि नंतर तळ्यांतला गाळ काढायची मोहीम निघाली. गाळ वावरात गेला, जमीन सुधारली, तळ्यात पाणी जास्त मावायला लागलं. सगळं खरं. पण यंत्रानं काठ उभा कापला जातो. हंस-वारकऱ्यांचं निभतं, पण शेकाट्याला, चक्रांगाला घोट्याएवढं पाणी आणि चिखल लागतो, तो जातो. जिथं उथळ बाजू शिल्लक आहे तिथं पाणी हटलं की गाळपेर होते. ओल्या गाळात हरभरा, करडई टाकायची. पीक बिनपाण्याचं आणि झकास येतं. आमच्या तळ्यावर गाळपेर करणारी सहा घरं आहेत. सगळी कोरडवाहू, दोन तर भूमिहीनच.

गावातल्या आम्ही काही म्हाताऱ्यांनी एक गोष्ट सुचवली. पाण्यालगतची वीस-पंचवीस पावलांची पट्टी महाशिवरात्रीपर्यंत नांगरू नये, म्हणजे पाखरं जाईपर्यंत चिखल मोकळा राहील. ग्रामसभेत कुणी विरोध केला नाही. फक्त त्या सहा घरांतल्या एकीनं विचारलं, "आमच्या हरभऱ्याचं काय?" प्रश्न रास्त होता. हिशोब केला तर सहा घरांचं मिळून नुकसान म्हणजे एका चांगल्या म्हशीची किंमत. एवढ्या रकमेसाठी आम्ही एका कचेरीत अर्ज केला. तिथल्या माणसानं आपुलकीनं बसवलं, चहा दिला आणि सांगितलं की काम चांगलं आहे, पण याला लेखाशीर्ष नाही. दुसऱ्या कचेरीत सांगितलं, तलाव त्यांच्याकडं येत नाही. पुतण्यानं पंचवीस डॉलर पाठवले, त्याच्या तिकिटाएवढे. ते एका घराला दिले.

यंदा सहातल्या दोन घरांनी पट्टी सोडली आहे. एक ते पैसे मिळालेलं, आणि दुसरं त्या ग्रामसभेत विचारणाऱ्या बाईचं, तिनं आपणहून सोडली. बाकी चौघांनी पाण्यापर्यंत हरभरा टाकला. परवा सकाळी जाऊन आलो. चक्रवाकाच्या तीन जोड्या मोकळ्या पट्टीवर होत्या, आणि करकोचे हरभऱ्यात.